दाजींचा डावा खांदा

वेल्डरला संघातून काढलं तेव्हा तो संघाच्या बसमध्ये बसलेला होता. बॅग वर ठेवून झाली होती, खिडकीजवळची जागा धरून झाली होती, खाली उभ्या असलेल्या आईला हात करूनही झाला होता. तेवढ्यात प्रशिक्षक बसमध्ये चढले आणि त्याच्याजवळ येऊन हळूच म्हणाले, "जरा खाली ये."

खाली उतरल्यावर त्यांनी त्याच्या उजव्या गुडघ्याकडे बोट केलं. "हे कधीपासून दुखतंय?"

गुडघ्याचं दुखणं जगात एकाच माणसाला ठाऊक होतं. तो माणूस बसमध्ये सगळ्यांत पुढच्या सीटवर बसून बुटाची नाडी बांधत होता. संघाचा कप्तान तो, आणि वेल्डरच्या थोरल्या बहिणीचा नवरा. नाडी बांधायला माणसाला इतका वेळ लागत नाही.

आठवड्यापूर्वी दोघं सरावाहून एकाच गाडीतून घरी येत होते, तेव्हा वेल्डरनंच सांगितलं होतं. "दाजी, गुडघा जरा कुरकुरतोय. शेकलं की बसेल. कुणाला बोलू नका."

"वेडा आहेस का? माझ्यावर सोड," दाजी म्हणाले होते.

सोडलं ते असं. आणि वेल्डरची जागा घ्यायला कोण चढलं बसमध्ये? दाजींचा धाकटा भाऊ. बॅग भरून, तिला नावाची चिठ्ठीसुद्धा लावून आला होता गडी. माणसाला आयत्या वेळी बोलावलं तर चिठ्ठी लावायला सुचत नाही. ती चिठ्ठी वेल्डरच्या जिव्हारी लागली. संघातून काढल्याचं दुःख तिच्यापुढे काहीच नव्हतं.

हा खेळ सात जणांच्या रग्बीचा. मैदान मोठ्या रग्बीएवढंच, माणसं मात्र निम्म्याहून कमी. सात मिनिटं पळायचं, दोन घोट पाणी, पुन्हा सात मिनिटं. संपतं तेव्हा जीव तोंडाशी आलेला असतो. हंगामात संघ देशोदेशी फिरतात, दर काही आठवड्यांनी नवं शहर, नवं मैदान, आणि शनिवार-रविवारी सामन्यांमागून सामने. वेल्डर लहानपणापासून याच हंगामाची स्वप्नं बघत आलेला. पोटासाठी फाटकं आणि जिन्यांचे कठडे जोडायचं काम करायचा, पण विचारलं की "मी रग्बी खेळतो" असंच सांगायचा.

दौऱ्याहून परतल्यावर एका रविवारी दाजी जेवायला आले. "तुझ्या भल्यासाठीच केलं रे," ते म्हणाले. "पाय कायमचा गेला असता म्हणजे?" असं म्हणून त्यांनी भात वाढून घेतला. ताई मान खाली घालून जेवत राहिली. वेल्डरनं तोंडातला घास गिळला आणि त्या घासाबरोबर बरंच काही गिळलं. त्या दिवसापासून त्यानं डूख धरला.

"सोड ना आता," आई म्हणायची. "घरचंच माणूस आहे."

"परक्यानं केलं असतं तर कधीच सोडलं असतं," तो म्हणायचा.

आईचं माहेर समुद्रापलीकडच्या देशात. आईचा जन्म ज्या देशातला, त्या देशाकडून मुलाला खेळता येतं, असा नियम आहे. फक्त मधला बराच काळ कुणाकडूनच न खेळता काढावा लागतो. वेल्डरनं अर्ज केला तेव्हा मित्र हसले. म्हणाले, "देश सोडून आजोळाकडून खेळणार?" तो म्हणाला, "मामा तरी केसानं गळा कापत नाहीत."

तो मधला काळ त्यानं वर्कशॉपमध्ये काढला. तोंडावर वेल्डिंगचा मुखवटा ओढला की चेहरा कुणाला दिसायचा नाही, आणि ग्राइंडर लोखंडाला लावला की आवाज कुणाला ऐकू जायचा नाही. मुखवट्याआड तो दाजींना मोठ्यानं, मनसोक्त शिव्या द्यायचा. गुडघा बरा करायला लोखंडी अँगल खांद्यावर घेऊन जिने चढायचा. मालक म्हणायचे, "या माणसाला लिफ्टचा काय राग आहे?" संध्याकाळी उरलेल्या उजेडात मैदानावर जाऊन एकटाच चेंडूला लाथा मारायचा. चेंडू जमिनीवर टाकून तो उसळला की मारायचा, उंच, तरंगत जाणारा, हव्या त्या जागी उतरणारा. हात कामानं स्थिर झाला होताच, पायही झाला.

आजोळच्या संघाचे प्रशिक्षक म्हणजे पुढचे दात खेळातच गमावलेला एक म्हातारा. संघ लहान, नवखा, पहिल्यांदाच वरच्या गटात आलेला. म्हाताऱ्यानं वेल्डरला पळताना पाहिलं, लाथ मारताना पाहिलं, आणि एकच विचारलं, "तिकडचं भांडण इकडे आणणार नाहीस ना?"

"नाही," वेल्डर म्हणाला. धडधडीत खोटं बोलला.

हंगामाच्या पहिल्याच गावी दोन्ही संघ समोरासमोर आले, आणि वेल्डरच्या संघाची पार धूळधाण झाली. शेवटी शेवटी वेल्डर गवतात पालथा पडला होता, तर दाजींनी स्वतः येऊन त्याला हाताला धरून उठवलं. टाळ्या पडल्या. लोकांना वाटलं काय मोठ्या मनाचा कप्तान! दाजी कानाशी वाकून म्हणाले, "गुडघा कसा आहे?"

पुढच्या भेटीत वेल्डरनं उत्तर दिलं. दाजी चेंडू घेऊन निघाले तसा तो त्यांच्या अंगावर गेला आणि हात गळ्यात घालून त्यांना आडवं केलं. हाडावर हाड आपटल्याचा आवाज प्रेक्षकांपर्यंत गेला. पंचांनी पिवळं कार्ड दाखवलं. दोन मिनिटं बाहेर बसायचं. सात मिनिटांच्या खेळात दोन मिनिटं म्हणजे अर्धं आयुष्य. वेल्डर खुर्चीवर बसून बघत राहिला आणि समोर दाजींच्या धाकट्या भावानं त्याच्याच मोकळ्या जागेतून पळत जाऊन दोनदा शेवटच्या रेषेपार चेंडू टेकवून गुण घेतले. सामना गेला.

म्हातारा ओरडला नाही. शेजारी येऊन बसला. "तुला त्याला पाडायचंय की हरवायचंय? एक काय ते ठरव. दोन्ही जमत नाही."

पुढचे दोन दौरे त्यानं वेल्डरला राखीव ठेवलं. वेल्डर बाकावर बसून विचार करत राहिला, आणि राग विझायच्या ऐवजी थंड होऊन गोठला. गोठलेला राग हाताळायला सोपा असतो.

हंगाम सरत आला. दोन्ही संघांची अवस्था वाईट होती. जखमा, पराभव. तळाचे दोन संघ शेवटच्या गावी एकमेकांशी खेळणार आणि हरेल तो वरच्या गटातून बाहेर, असं ठरलेलं. तळाला होते कोण? हेच दोघे.

त्याच आठवड्यात ताईचा फोन आला. ती नेहमीसारखी इकडचं तिकडचं बोलत होती, आणि बोलता बोलता तिचा आवाज बसला. "यांचं मला बघवत नाही रे. डावा हात खांद्याच्या वर जातच नाही. शर्ट मी घालून देते. डॉक्टरांनी ऑपरेशन सांगितलंय, पण ऐकतील तर शपथ. प्रशिक्षकांनाही सांगितलं नाही. तू कुणाला बोलू नकोस हं."

वेल्डरनं फोन दुसऱ्या कानाला लावला.

"ऐकतोयस ना?"

"ऐकतोय," तो म्हणाला.

फोन ठेवल्यावर त्यानं दाजींचे मागचे दोन दौरे मोबाइलवर पुन्हा पाहिले. आता सगळं दिसत होतं. सुरुवातीची उंच लाथ झेलायचं काम दाजींचं, त्यात त्यांचा हात धरणारं कुणी नव्हतं. पण हल्ली ते डाव्या रेषेला अगदी चिकटून उभे राहत होते, म्हणजे येणारा प्रत्येक चेंडू त्यांच्या उजव्या हाताला येई. डावीकडे रेषेपर्यंत राहत होती जेमतेम एक चिंचोळी पट्टी. तिथे चेंडू टाकायची छाती कुणाची? जरा चुकला की रेषेबाहेर.

शेवटच्या सामन्याआधी वेल्डर म्हाताऱ्याकडे गेला. "लाथ मी मारतो."

"का?"

"कारण विचारू नका. एकदा चुकलो तर बाहेर काढा."

म्हाताऱ्यानं त्याच्या डोळ्यांत पाहिलं. "भांडण आणलंसच शेवटी," तो म्हणाला, पण चेंडू त्याच्या हातात दिला.

पहिली लाथ वेल्डरनं मारली. चेंडू उंच गेला, वाऱ्यावर जरासा रेंगाळला आणि दाजींच्या डाव्या खांद्यावरून त्या चिंचोळ्या पट्टीत उतरायला लागला. दाजींनी उडी मारली. उजवा हात वर गेला, डावा अर्ध्यातच अडकला. चेंडू बोटांना लागून पुढे सांडला. ताबा आजोळचा, आणि दुसऱ्याच क्षणाला आजोळचा गडी शेवटच्या रेषेपार.

सात जणांच्या खेळात गुण मिळवणाराच पुन्हा लाथ मारतो. म्हणजे पुन्हा वेल्डर. पुन्हा तीच पट्टी. या वेळी दाजींनी वळून दोन्ही हात पुढे केले आणि चेंडू छातीवर आपटून निसटला. पुन्हा गुण. गर्दी कुजबुजायला लागली. दाजींनी वेल्डरकडे पाहिलं, आणि त्या नजरेत वेल्डरला हवं होतं ते सगळं होतं. आधी आश्चर्य, मग शंका, मग भीती. त्या नजरेसाठी तो लोखंड घेऊन जिने चढला होता.

मध्यंतरात त्यांच्या प्रशिक्षकांनी कप्तानालाच बाहेर काढलं. धाकटा भाऊ झेलायला उभा राहिला, तो पुरता गडबडलेला. जुना संघ दुसऱ्या सात मिनिटांत चवताळून खेळला, दोनदा चेंडू टेकवलाही, पण अंतर तुटलं नाही. शिट्टी वाजली तेव्हा आजोळचे सगळे एकमेकांच्या अंगावर पडले. वेल्डर त्यांच्यात नव्हता. तो मैदानाच्या मधोमध उभा राहून समोरच्या बाकाकडे बघत होता, जिथे दाजी डोक्यावर टॉवेल घेऊन बसले होते. त्यानं पोटभर बघून घेतलं.

ताई त्याला स्टेडियमच्या बाहेर, बसपाशी भेटली. तिचे डोळे लाल होते.

"मी तुला भाऊ म्हणून सांगितलं होतं."

"मी कुणाला सांगितलं नाही ताई. एक अक्षर नाही."

"वापरलंस ना!"

"हो. वापरलं."

"लाज नाही वाटली?"

"मीही गुडघ्याचं दाजी म्हणूनच सांगितलं होतं त्यांना. त्यांनी ते वापरलं, तेव्हा तू मान खाली घालून जेवत होतीस."

ताईचा हात उठला, पण तिनं मारलं नाही. मारलं असतं तर बरं झालं असतं, असं त्याला पुढे बरेच दिवस वाटत राहिलं. ती गेली, आणि मग तिचा फोन येईनासा झाला. खबर आईमार्फत कळायची. दाजींचं ऑपरेशन झालं. कप्तानपद गेलं. धाकट्या भावानं खेळ सोडून कुठेसं दुकान टाकलं. प्रत्येक बातमीबरोबर वेल्डरला बरं वाटायचं. वाटू नये असं त्याला कधीच वाटलं नाही. जेवणाच्या सुट्टीत तो मोबाइलवर ती पहिली लाथ पुन्हा पुन्हा बघायचा.

"किती वेळा बघशील?" मालक म्हणाले.

"भूक भागेपर्यंत."

शेवटी आईनंच हट्ट धरला. "माझ्या घरी माझी दोन्ही लेकरं एका दिवशी जेवतील, नाहीतर मी स्वयंपाकच करणार नाही." म्हणून एका रविवारी सगळे जमले. दाजींचा हात झोळीत होता. जेवताना आई एकटीच चटणीला तिखट जास्त झालं की काय, असं विचारत राहिली.

पानं उचलताना दाजींनी अचानक विचारलं, "खांद्याचं तुला कुणी सांगितलं?"

ताईच्या हातातला डाव पातेल्यावर तसाच थांबला. तिनं भावाकडे पाहिलं नाही. पण तिचा चेहरा पांढराफटक पडला.

वेल्डरच्या जिभेवर उत्तर तयार होतं. दोन शब्द. तुमच्याच बायकोनं. तेवढे बोलला असता तर दाजींचं घरही मैदानासारखंच मोकळं झालं असतं, आणि उट्टं काढायचं म्हटलं तर यापेक्षा पुरतं उट्टं दुसरं नव्हतं. ते दोन शब्द त्यानं तोंडात घोळवले. गोड लागले. मग गिळले.

"कुणी कशाला सांगायला हवं?" तो म्हणाला. "बघून कळत होतं."

"एवढं दिसत होतं?"

"सगळ्यांना दिसत होतं दाजी. तुमच्या संघातल्या पोरांनाही दिसत असणार. बोलत नव्हते इतकंच."

दाजींची मान खाली गेली. डोक्यावर टॉवेल घेऊन बसले होते तेव्हाही ती इतकी खाली गेली नव्हती. ताईनं डाव पातेल्यात ठेवला, भावाच्या समोरचं ताट उचललं आणि आत निघून गेली.