एजंटची परीक्षा आणि आप्पांची गाठींची दोरी

"पालकांनी गेटबाहेर थांबायचं," सिक्युरिटीवाला म्हणाला.

मी हॉल तिकीट पुढे केलं. त्यानं फोटो पाहिला, मला पाहिलं, पुन्हा फोटो पाहिला. "जावा आत, मावशी. पर्स बाहेर ठेवा."

मी शिरूरला जागेची एजंट आहे. सणसवाडीत कामगारांना भाड्याच्या खोल्या शोधून देण्यापासून सुरुवात केली आणि हळूहळू फ्लॅटपर्यंत आले. फ्लॅट विकणाऱ्या एजंटला रेरा कायद्याखाली नोंदणी लागते. माझी नोंदणी महिनाअखेरीस संपत होती, आणि नूतनीकरणाला आता परीक्षेचं सर्टिफिकेट लागतं. नापास झाले, तर फ्लॅटचं काम बंद.

त्यात वडगाव रासाईचे आप्पा. त्यांचा मुलगा सणसवाडीत कंपनीत आहे, त्याच्यासाठी फ्लॅट बघायला आले होते. येताना वाफे आखायची दोरी आणली. फुटाफुटावर गाठ. एकेक खोली त्यांनी भिंतीपासून भिंतीपर्यंत मोजली, मुलानं मोबाईलवर गुणाकार केला. कागदावरच्या कार्पेट एरियापेक्षा वीसेक चौरस फूट कमी भरले.

"ताई, ह्ये कमी का भरतंय?"

मला माहीत नव्हतं. पण एजंट गप्प बसत नाही. "दोरी ताणली असेल, आप्पा."

"दोरी माझी हाय. ती न्हाई खोटं बोलायची." त्यांनी दोरी गुंडाळली. "तुमी परीक्षेला बसताय न्हवं? पास व्हा, मग सांगा. तवर बुकिंग न्हाई."

अभ्यास सुरू झाला. ऑनलाइन क्लास झाले, मग मिस्टर रोज जेवताना प्रश्न विचारायचे.

"ग्राहक बुकिंगला तयार झाला. एजंटनं आधी काय करायचं?"

"चहा सांगायचा."

"पर्यायात चहा नाही."

घरच्या तिन्ही सराव परीक्षांत मी नापास. कारण मी अनुभवानं उत्तरं देत होते. पेपरात तुम्ही काय करता ते विचारत नाहीत, कायद्यानं काय करायला हवं ते विचारतात. मिस्टर म्हणाले, "तुझा अनुभव चपलेसारखा दाराबाहेर काढ आणि मग आत जा."

परीक्षा कॉम्प्युटरवर. प्रत्येक प्रश्नाला चार पर्याय. चुकलं तरी मार्क कापत नाहीत, म्हणून काही रिकामं सोडायचं नाही. नोंदणी नसलेल्या प्रोजेक्टची जाहिरात चालते का, तक्रार कुठे करायची, असले प्रश्न निभावले. मग तो आला: कार्पेट एरियात काय धरतात? बाल्कनी, बाहेरच्या भिंती, आतल्या भिंती की यापैकी काही नाही?

माऊस चौथ्या पर्यायावर गेला. भिंतीखाली कोण गालिचा अंथरतं? पण क्लासमधलं पाठ केलेलं आठवलं: बाल्कनी नाही, बाहेरच्या भिंती नाहीत, आतल्या भिंती धरायच्या. महिनाभर घोकलं होतं, डोक्यात आत्ता शिरलं. आप्पा भिंतीपासून भिंतीपर्यंत मोजत होते. खोल्यांमधल्या भिंती राहिल्या होत्या. ते वीस चौरस फूट तिथे होते.

मी हसले असणार. पर्यवेक्षक बाई जवळ आल्या. "मॅडम, काही प्रॉब्लेम?"

"नाही. सुटला."

पास झाले. किती मार्कांनी, ते मिस्टर चारचौघांत सांगतात, म्हणून मी सांगत नाही.

आप्पांना पुन्हा फ्लॅटवर बोलावलं. आतल्या भिंती त्याच दोरीनं मोजल्या, जाडी विती-बोटांनी. बेरीज कागदाला येऊन टेकली.

आप्पांनी भिंतीवर थाप मारली. "म्हंजी दोरी खरी व्हती."

"व्हय, आप्पा. दोरी खरी, कागद पण खरा. खोटं मीच बोलले होते."

"करा बुकिंग," ते म्हणाले. "आन् भिंत आमच्या मापात धरलीया, तर खिळं ठोकताना कुणी बोलायचं न्हाई."

परीक्षेला बसणाऱ्यांना मी दोनच गोष्टी सांगते. उत्तर येत नसेल तरी पेपरात रिकामं सोडू नका. गिऱ्हाइकासमोर मात्र सोडा.