उतारावरची विहीर

पनवेल पंचक्रोशीतली निम्मी लग्नं कमळाकरने कॅमेऱ्यात घेतली होती. रुसलेल्या आत्या आणि मानपानावरून अडलेले मामा यांच्यासकट. पण त्र्याण्णवच्या हिवाळ्यात त्याच्या डोक्यात खूळ शिरलं. नवीन पनवेलच्या रिकाम्या रस्त्यावर विश्वजीत नावाचा, एका बँकवाल्याचा मुलगा मामाने अमेरिकेहून आणलेल्या स्केटबोर्डवर उभा राहून उतारावरून सुसाट यायचा. बाकीच्या पोरांनी भंगारातली बेअरिंग ठोकून आपापल्या फळ्या केल्या होत्या. कमळाकरने त्यांच्यावर फिल्म काढायला घेतली, तीही कोणाची ऑर्डर नसताना. लोक म्हणाले, लष्कराच्या भाकऱ्या भाजतोय.

खरी गोष्ट वेगळीच होती. तो रस्ता गेला होता कमळाकरच्या घरच्याच भातशेतावरून. कमळाकर आठ-नऊ वर्षांचा असताना जमीन सरकारात गेली, तेव्हापासून त्याच्या आईने, गुणाबाईने, त्या बाजूला पाऊल टाकलं नव्हतं. शेताचं नाव काढलं की ती उठून आत जायची. फिल्म बघून एकदा तिने तिथे यावं, हवं तर पोटभर रडावं, एवढंच त्याला हवं होतं. मनात धरून बसलेलं माणूस आतून सुकतं, आणि आई सुकत चाललेली त्याला दिसत होती.

एका संध्याकाळी, जागेचं नाव न काढता, त्याने टीव्हीवर कॅसेट लावली. आई समोर सुकट निवडत बसली होती. पडद्यावर पोरं उतारावरून यायची आणि एका जागी, जिथे रस्ता बशीसारखा खचला होता, तिथे हमखास आपटायची. कमळाकरला त्याची भारी गंमत वाटे.

दोन-तीन पोरं पडली तसा आईचा हात थांबला.

"परत लाव."

त्याने कॅसेट मागे नेली. "दरसाल डांबर टाकतात गं, पावसात पुन्हा खचतं."

"खचंल नाय तर काय? आपली इहीर हाय तिथं."

होती नव्हे, हाय. महिनाभर कमळाकर त्याच खळग्यावर कॅमेरा रोखून बसला होता.

"बुजवताना कोनी तिला एक नारल पन नाय दिला," म्हणत गुणाबाईने पदर डोळ्यांना लावला.

दुसऱ्या दिवशी ती आपणहून निघाली. खळग्याच्या कडेला बसून तिने हळदकुंकू वाहिलं, नारळ फोडला. पोरं उताराच्या माथ्यावर फळ्या धरून उभी. कमळाकरने संकोचून कॅमेरा खाली घेतला, तर तीच डाफरली, "लोकांच्या आयांचं शूटिंग करतोस, मंग माजं का नाय? घे!"

सगळ्या पोरांच्या हातावर खोबरं ठेवून तिने परत वर गेलेल्या विश्वजीतला हाक मारली, "आता ये रं!"

विश्वजीत सुटला. खळग्याशी येताच, कसा कोण जाणे, फळीसकट उडाला आणि पलीकडे उभाच्या उभा उतरला. पोरांनी एकच कल्ला केला. गुणाबाईही हसली, इतक्या वर्षांनी आपल्या शेतात उभी राहून, मोठ्याने.

"तू पन या इहिरीत अशाच उड्या मारायचास," ती कमळाकरला म्हणाली.

फिल्ममध्ये हे वाक्य स्पष्ट ऐकू येतं. त्यापुढचं चित्र मात्र सगळं हललेलं आहे.