चौसष्ट नंबरचा ताउनो कांगास

व्यावसायिक अमेरिकन फुटबॉल संघाचा फोन आला तेव्हा ताउनो कांगास घराच्या छपरावर बर्फ काढत होता. फोन त्याच्या आईने, हिल्माने घेतला. पलीकडचा माणूस म्हणाला की त्यांच्या संघाने ताउनोची निवड केली आहे. हिल्माने सांगितलं, तो कामात आहे, जेवायच्या वेळी करा. आणि फोन ठेवून दिला. पेस्टीचा, म्हणजे मटण-बटाटा भरलेल्या भाजक्या करंजीचा, दुसरा घास तोंडात असताना ताउनोला कळलं, की आपण आता पोटापाण्यासाठी फुटबॉल खेळणार.

आल्डर पॉइंट या त्यांच्या गावात याचं कोणाला फारसं नवल वाटलं नाही. शाळेत असल्यापासून तो दारातून तिरका होऊन आत यायचा. कोच लिंडग्रेननी त्याला पहिल्याच दिवशी बजावलं होतं, की चेंडूचा नाद सोड. चेंडू इतरांचा. आपण रांगेतली माणसं. खाली वाकायचं, चेंडू हलला की समोरच्याच्या छातीवर जायचं आणि मागच्या पोराला तो फेकायला सवड मिळवून द्यायची. ताउनोला हे काम मनापासून आवडलं. त्याचा स्वभावच तसा होता. तळ्यावर मासे धरायला गेला तरी वाऱ्याच्या बाजूला तो बसायचा आणि बाकीचे त्याच्या आडोशाला.

शहरात त्याला चौसष्ट नंबरचा शर्ट मिळाला, आणि ज्याला सांभाळायचं तो डेल विटकर मिळाला. डेल टेक्सासचा, सडपातळ, बडबड्या. सगळ्या संघाचा खेळ त्याच्या हातातून चालायचा. त्याच्या अंगावर धावून येणाऱ्यांना ताउनो अडवायचा, आणि दुसऱ्या दिवशी पेपरात डेलचा फोटो यायचा. ताउनोची त्याबद्दल कधी तक्रार नव्हती.

तक्रार होती हिल्माची. रविवारी ती स्वयंपाकघरात रेडिओ लावून बसायची. पण रांगेतल्या माणसाचं नाव रेडिओवर यायचं ते त्याला दंड झाला तरच. समोरच्याला हाताने धरून ठेवलं, की पंच रुमाल टाकणार आणि निवेदक म्हणणार, कांगासची चूक. संध्याकाळी फोन ठरलेला.

"आज परत दोनदा धरलंस म्हणे."

"अगं आई, बाकी सगळा वेळ नीट खेळलो."

"त्याचं कोणी काही बोललं नाही."

चर्चमध्ये बायका विचारायच्या, कसा चाललाय ताउनोचा खेळ? हिल्मा म्हणायची, करतोय बिचारा प्रयत्न. हे ताउनोच्या कानावर आलं, तेव्हा त्याने तिला तिकीट पाठवून मैदानावरच बोलावून घेतलं.

ती आली ती कोटाची सगळी बटणं लावून, मांडीवर वेलदोड्याच्या पावाचा डबा घेऊन. साठ हजार माणसं चेंडूकडे बघत होती. हिल्मा फक्त चौसष्ट नंबरकडे. चेंडू कुठे गेला हे तिला शेवटपर्यंत कळलं नाही. पण आपल्या मुलाने समोरच्या संघातल्या दाढीवाल्या दांडगटाला दरवेळी कसा अडवला, हे तिने शेजारच्या अनोळखी गृहस्थांना हात धरधरून दाखवलं.

आणि नेमकं त्याच दिवशी ते घडलं. मागून कोणीतरी धडकलं, डेलच्या हातातून चेंडू सुटला आणि ताउनोच्या पायाशी आला. त्याने तो उचलला. क्षणभर त्याला सुचेना. मग तो धावत सुटला. एवढं धूड धावताना कोणी पाहिलं नव्हतं. अख्खं मैदान उभं राहिलं. शेवटच्या रेषेच्या जरा अलीकडे तिघांनी मिळून त्याला पाडलं, पण पुढच्याच डावात संघाने गुण मिळवले आणि सामना जिंकला. त्या दिवशी पहिल्यांदाच बातमीदारांनी त्याच्याभोवती गर्दी केली.

लालबुंद होऊन तो बाहेर आला. डेलही सोबत होता. हिल्माने मुलाला नखशिखांत न्याहाळलं.

"दाढीवाल्याला सोडून पळालास कशाला?"

"आई, चेंडू मिळाला होता मला."

"आणि हे पोरगं मागे आडवं पडलं होतं, त्याच्याकडे कोण बघणार?"

डेल हसून हसून भिंतीला टेकला. मग कमरेवर हात ठेवून गंभीरपणे म्हणाला, "काकू, मी याला केव्हापासून हेच सांगतोय." हिल्माने पावाचा डबा त्याच्या हातात दिला. ताउनोला घरी गेल्यावर मिळेल म्हणाली. त्यानंतर चर्चमध्ये कोणी विचारलं, की ती ताठ बसून सांगायची, उत्तम अडवतो.

ताउनो आणखी काही वर्षं खेळला. मग गुडघ्यांनी नकार दिला आणि तो गावी परतला. खेळासाठी भूक नसतानाही खावं लागायचं ते थांबलं. वर्षभरात माणूस निम्मा झाला. तो परगण्याचा बर्फ हटवायचा ट्रक चालवू लागला आणि दुपारी शाळेतल्या रांगेतल्या पोरांना शिकवू लागला. गावात नव्याने आलेल्या मार्लिस नावाच्या नर्सने खानावळीतल्या भिंतीवरचा फोटो पाहून त्याला विचारलं, हे तुमचे थोरले भाऊ का? तो म्हणाला, मीच. तिने फोटोकडे पाहिलं, त्याच्याकडे पाहिलं.

"मग उरलेले कुठे ठेवलेत?"

ताउनो इतका हसला, की त्याची कॉफी सांडली. पुढच्या फेब्रुवारीत त्यांचं लग्न ठरलं. लग्नाच्या दिवशी सकाळी चर्चचा रस्ता बर्फाखाली गडप झाला होता. मग नवऱ्या मुलाने सुटाबुटात स्वतःच ट्रक काढला आणि रस्ता मोकळा करत तो चर्चच्या दाराशी पोचला. शेजारच्या सीटवर हिल्मा होती, आणि मागे गाड्यांची रांग लावून सगळं वऱ्हाड भोंगे वाजवत येत होतं.