पोचमामा आणि माझी लाल शाई

मुलीच्या लग्नाची पत्रिका द्यायला पोचमामा घरी आले, ते दोन पत्रिका घेऊन. एक माझ्या हातात ठेवली आणि दुसरीवर 'मिळाली' असं लिहून सही अन् तारीख मागितली. मी हसलो. ते हसले नाहीत. सही झाल्यावरच त्यांनी चहाचा कप उचलला.

खरं नाव रसूल. लोहाऱ्यातल्या आमच्या सरकारी कार्यालयात ते पाण्याच्या टँकरवर ड्रायव्हर होते आणि मी हजेरीपटाचा कारकून. पूर्वी हा माणूस कागदाच्या वाटेला जात नसे. "साहेबाकडं लेखी मागायचं म्हंजी त्याच्या जबानीवर भरोसा न्हाय म्हनल्यावानी हाय," असं म्हणायचे. आम्ही सगळेच तसे होतो. वरिष्ठानं तोंडी सांगावं आणि आपण मान डोलवावी, ही आमच्याकडची रीतच.

त्या उन्हाळ्यात साहेबांनी माझ्या टेबलाशेजारी उभं राहून मामांना सांगितलं, की टँकर घेऊन अणदूरकडं जा, पाऊस पडेपर्यंत तिकडंच थांबा. आदेश मागाहून काढतो म्हणाले. मामा गेले. दोन महिने ते वाड्यावस्त्यांवर पाणी टाकत होते आणि मी त्यांच्या नावापुढचे चौकोन कोरे ठेवून आदेशाची वाट बघत होतो. आदेश आला नाही, साहेबांची बदली मात्र आली.

नवे साहेब कडक. हजेरीपट तपासायला मागवताहेत असं कळलं, तेव्हा कोऱ्या चौकोनांचा जाब मला द्यावा लागला असता. मी लाल पेन उघडलं आणि एका बैठकीत दोन महिन्यांची गैरहजेरी मांडून टाकली. चुकून नव्हे, भिऊन. तेवढ्यावर मामा बडतर्फ झाले. चौकशी नाही, म्हणणं ऐकणं नाही. जुन्या साहेबांना काही आठवेना. टँकरचं लॉगबुक कुणाला सापडेना.

मामा धाराशिवच्या कोर्टात गेले आणि तिथून त्यांना पोचेचं वेड लागलं. वकिलाला दिलेल्या कागदाची पोच, अर्जाची पोच, रेशनच्या फॉर्मची पोच. लोकांनी नाव पाडलं, तेही त्यांनी बिनतक्रार घेतलं. प्रत्येक तारखेला खाकी कपड्यांना इस्त्री करून पहिल्या एसटीनं निघत. "निकाल त्याच दिशी लागला तर तसंच हजर व्हायचं, उगं खाडा कशाला?" म्हणायचे. तारखा पडत राहिल्या, खाकी विटत गेली.

साक्ष द्या, एवढं एकदाच म्हणाले मला. मी पेन्शनचं, मुलांच्या शिक्षणाचं काहीबाही बोललो. मामांनी ऐकून घेतलं. "बरूबर हाय भाऊसाब. तुमचं घर हाय," म्हणाले आणि उठले. शिव्या घातल्या असत्या तर मला बरं वाटलं असतं. पुढंही ते येत राहिले, चहा घेत राहिले. तो विषय त्यांनी पुन्हा काढला नाही.

निवृत्त झाल्यावर मी साक्ष दिली. भीती संपल्यावरचं धाडस, त्याला काय किंमत! पण कोर्टानं ते मानलं. बडतर्फी बेकायदा, नोकरी अखंड धरावी, असा निकाल लागला. त्याच्या तीन आठवडे आधी मामा छातीत कळ येऊन गेले होते.

वकिलांकडून निकालाची प्रत घेऊन मी त्यांच्या घरी गेलो. मुलीच्या लग्नालाही मी गेलो नव्हतो, त्यामुळं मामींनी मला कधी पाहिलं नव्हतं. कोर्टाचा कागद आणलाय, मामा जिंकले, एवढंच मी सांगितलं. त्यांनी तो कागद डोळ्यांना लावला आणि विचारलं, "दुसरी परत कुठं हाय?" मी एकच आणली होती. मग त्यांनी भिंतीवरच्या कॅलेंडरचं जुनं पान फाडलं, पाठीमागं 'मिळाला' लिहिलं आणि खाली सावकाश सही केली. लिहायला आणि सही करायला मामांनीच शिकवलं होतं, याच कामासाठी.

"कुनी दिला म्हनून लिहू?"

मी नाव सांगितलं. पेन थांबलं. त्यांनी वर पाहिलं.

"लाल शाईवाले तुमीच व्हय?"

मी मान डोलवली. मामींनी खाली वाकून माझं पूर्ण नाव लिहिलं आणि पान माझ्या हातात दिलं.