महादूने अडवलेलं गाणं

महादू घवाळी कंटेनर बांधतो. दुबईपलीकडच्या खोर फक्कान बंदरात जहाजावर कंटेनरवर कंटेनर चढतात. समुद्रात ते हलू नयेत म्हणून माणसाच्या दुप्पट लांबीच्या लोखंडी सळ्या उचलून ते आवळायचे, हे त्याचं काम. अकरा वर्षं झाली. कामगार म्हणजे नुसते दोन हात, असं समजणाऱ्यांनी मात्र पुढचं नीट ऐकावं. गुहागरकडच्या कोंडसावली गावात हाच महादू जाखडीचा गायक आहे. पायात चाळ बांधलेली पोरं गोल फिरतात, मधोमध मृदंग, झांज आणि गाणारा. तो गाणारा हा.

त्यांच्याकडे एक रीत आहे. शेवटच्या कडव्यात गुरूचं नाव घ्यायचंच. न घेता उठलास तर गाणं चोरीचं. मग गळा कितीही गोड असो, पुढच्या गणपतीत तुला कोणी मृदंगाशेजारी बसू देत नाही.

एका रविवारी दुबईच्या मराठी मंडळाची सहल खोर फक्कानच्या किनाऱ्यावर आली. तिथे महादू आणि त्याचे चार गाववाले डब्यावर ताल धरून गात बसले होते. सहलीतला सिद्धांत हा दुबईच्या करामा भागात राहणारा पुण्याचा पोरगा. नोकरी ऑफिसात, वेड 'जंगल' नावाच्या संगीताचं. ढोलाचे ठोके चिरायचे, तुकडे उलटेपालटे जोडायचे, ऐकणाऱ्याला धाप लागेल असा वेग द्यायचा, आणि खालून पोटात घुमणारा बास. त्याने फोनवर सगळं टिपलं.

"दादा, ह्याचा ट्रॅक बनवू?"

"बनवा की," महादू म्हणाला. बिनधास्त माणूस.

ट्रॅक इंटरनेटवर चढला. सुरुवातीला अल कूझच्या एका गोदामात जमणाऱ्या तीस-चाळीस वेड्यांनी तो ऐकला, बस्स. मग कुणीतरी त्यावर स्केटिंगचा व्हिडिओ केला आणि गाणं सुटलं. जिममध्ये, कॅफेटेरियात, हमदुल्ला नावाच्या पठाणाच्या टॅक्सीत, सगळीकडे तेच. एका रेडिओ स्टेशनने तर ते रोज वाजवायचं ठरवलं.

महादूला पत्ता कधी लागला? त्याचा रूममेट नागेश चहा प्यायला गेला होता, तो पळतच परत आला. "म्हाद्या, कॅफेटेरियात तुझा गळा वाजतोय!"

महादूने नागेशच्या फोनवर गाणं ऐकलं. 'बांधतो महादू दर्याला दोर' हे आलं तेव्हा हसला. गाणं संपलं आणि चेहरा उतरला.

"शेवटचं कडवं कुठाय?"

सुट्टीच्या दिवशी बस बदलत बदलत तो करामात सिद्धांतच्या दारात उभा राहिला. चहासुद्धा घेतला नाही.

"ते नावाचं कडवं ना?" सिद्धांत म्हणाला. "आमच्या गणेश मंडळात शेवटी देणगीदारांची नावं वाचतात ना, मला वाटलं तसलंच काहीतरी. कट केलं."

"देणगीदार?" महादूचा आवाज चढला. "माझ्या गुरूला देणगीदार केलंस? राजाभाऊ बुवांनी नऊ वर्षं शिकवलंय मला. शेण्या थापायच्या अंगणात बसवून! हे गाणं गावात पोचलं की मी संपलो."

"सॉरी दादा. पण आता रेडिओवाल्यांना तुमची सही हवीय. सही झाली की नेक्स्ट वीक ऑन एअर."

"नाव घाल. मग सही."

सिद्धांतने स्टेशनच्या एमानला फोन लावला, स्पीकरवर. बाई इजिप्तची, हिंदी झकास. "भैया, तीन मिनट से एक सेकंड ज़्यादा नहीं चलेगा. गाना फुल है. खलास."

"तो सही भी खलास," महादू म्हणाला. समोर कोण आहे, त्याचं पद काय, ह्याची पर्वा त्याने तेव्हाही केली नाही. मोठमोठे कलाकार वकील घेऊन जातात आणि सगळं सोडून देऊन बाहेर येतात. हा प्लास्टिकच्या चपला घालून एकटा आला होता.

"दादा, समजून घ्या," सिद्धांत काकुळतीला आला. "जागाच नाहीये. काय काढू मी?"

"माझं काढ."

"काय?"

"माझं नाव हाय ते कडवं. ते काढ, बुवांचं घाल."

"अहो, लोक त्यावरच तर नाचतात! तुमचं नाव फेमस होतंय!"

"माझ्या नावाशिवाय गाणं चालतं रे. बुवांच्या नावाशिवाय ते माझं नाय."

सिद्धांतने कॉम्प्युटर उघडला. महादूने तिथेच, त्या खोलीत, डोळे मिटून म्हटलं:

'राजाभाऊ गुरू माझा, कोंडसावली गाव,
त्याच्या पायी ठेवून डोई घेतो त्याचं नाव.'

सिद्धांतने ते चिरलं, उलटवलं, तालावर पेरलं. महादूने पुरतं ऐकून घेतलं, इंटरनेटवरचं जुनंही बदलायला लावलं, मगच सही केली.

पुढच्या महिन्यात अल नहदाच्या टॉवरांमधली पोरं शाळेच्या वाटेवर गाडीत ओरडू लागली, "ममा, प्ले दॅट राजाभाऊ साँग!" मॉलमध्ये फिलिपिनो मुली त्यावर ठेका धरायच्या. महादू कोण, हे त्यांच्यापैकी एकालाही माहीत नव्हतं. महादूला त्याचं काही नव्हतं. तो गावच्या फोनची वाट बघत होता.

तो आला एका दुपारी, जेवणाच्या सुट्टीत.

"म्हाद्या, ते माकडउड्या मारणारं गाणं तुझं?"

"होय बुवा."

"नातवाने ऐकवलं. ताल पिसाळलाय."

"होय बुवा."

पलीकडे म्हातारा खोकला. महादूने हातातला घास तसाच डब्यात ठेवला.

"नाव घेतलंयस," बुवा म्हणाले. "पण सतरा वेळा? मी मोजलं. नाव एकदाच घ्यायचं असतं रे मेल्या."

"मशीन घेतं बुवा. मी एकदाच घेतलं."

"मग गणपतीत ये, आणि माझ्यासमोर एकदाच घे."

महादूने डबा बंद केला, हात धुतले आणि रजेचा अर्ज मागायला सुपरवायझरच्या केबिनकडे निघाला.