शेवटच्या फेरीनंतरचं रडणं

आमच्या ताईला माणसं ओळखण्याची भारी खोड, तीही न भेटता. माहितीपटांचं संकलन करते ती, झाली की वीस-बावीस वर्षं. दुसरे कुणी चित्रीकरण करून आणतात आणि ही पडदे ओढलेल्या खोलीत बसून त्यातलं काय ठेवायचं, काय कापायचं ते ठरवते. महिनोन् महिने तीच तोंडं बघून ती हिला घरचीच वाटायला लागतात. त्यांना मात्र ही कोण, कुठली, काही पत्ता नसतो. एकदा भर बाजारात एका अनोळखी गृहस्थांना हिने विचारलं, "गुडघा काय म्हणतोय आता?" ते बिचारे पिशवी दुकानातच विसरून सटकले. मला मेल्याहून मेल्यासारखं झालं.

गेल्या वर्षी तिच्याकडे निवृत्त होणाऱ्या एका बसचालक बाईंचा माहितीपट आला. बाईंची अट एकच. आधी मी बघणार, पटलं नाही तर कुठेही दाखवायचं नाही. म्हणजे दिग्दर्शकाची दोन वर्षांची मेहनत सगळी त्यांच्या हातात.

शेवटची फेरी संपल्यावर बाई रिकाम्या बसमध्ये हमसून हमसून रडल्या होत्या. दिग्दर्शकाला ते हवंच होतं. ताईने साफ कापून टाकलं.

"चारचौघांत रडलेलं त्यांना मुळीच खपायचं नाही," ती मला म्हणाली. "मी ओळखते ना त्यांना."

"भेटलीयस का कधी?"

तिने असं काही बघितलं की मी मुकाट्याने चहा टाकायला उठलो.

बाई आल्या, खुर्चीत ताठ बसल्या. सगळं बघून झाल्यावर चष्मा काढून सावकाश पुसत बसल्या. दिग्दर्शक पांढराफटक पडला.

"चांगलं आहे," शेवटी त्या म्हणाल्या. "पण मी रडले होते, ते कुठे गेलं?"

ताई खुर्चीतून अर्धवट उठली. "मला वाटलं, तुम्हाला आवडणार नाही."

"अहो, माझी मुलं मला दगड म्हणतात. बाबा गेले तेव्हाही हिने डोळ्यातून टिपूस काढला नाही, म्हणतात. पदरात दोन पोरं, आणि लगेच गाडीवर हजर व्हायचं. रडायला वेळ कुणाला होता? आता बघू देत की. तेवढं घाला, नाहीतर माझी परवानगी नाही."

ताईने त्याच दुपारी ते परत जोडलं.

पहिल्या खेळाला बाई दोन्ही मुलांच्या मधे बसल्या होत्या, आम्ही बरोबर मागे. पडद्यावरच्या बाई रडायला लागल्या तशी दोन्ही मुलांनी आईचे हात गच्च धरले, ते सोडेचनात.

"अरे, एक तरी सोडा," बाई म्हणाल्या. "नाक पुसू द्या मला."