लमाईचा चमचा

लमाई स्वयंपाकाला लागली की गल्लीला ठसका लागायचा. खलबत्त्यात लसूण आणि लवंगी मिरच्या कुटून तिने तापल्या कढईत टाकल्या, की समोरचा शिंपी मशीन थांबवून खोकायचा. त्याचा खोकला ऐकल्याशिवाय ती मांस टाकत नसे. बीफचे बारीक तुकडे, मासळीचं खारं पाणी, शेवटी तुळशीच्या जातीची उग्र कफ्राव पानं. चार ढवळण्यांत काम तमाम. मग भातावर वाढून वर कडा कुरकुरीत झालेलं अंडं.

स्वतः मात्र ती त्यातलं बोटभरही चाटत नसे. नवऱ्याच्या, प्रयूनच्या, छातीचं ऑपरेशन होतं त्या दिवशी तिने कुआन इम देवीपुढे, जिच्या भक्तांना बीफ वर्ज्य, नवस बोलला होता, हा माणूस उठून बसला तर जन्मभर बीफ तोंडाला लावणार नाही. माणूस उठून बसला, आणि बसल्याबसल्या बीफच मागू लागला. तेव्हापासून लमाई वासावर आणि अंदाजावर रांधत होती. कुणाला चव विचारणं तिच्या स्वभावातच नव्हतं. थायलंडातल्या अंगथोंगच्या या गल्लीत तिच्या हाताला नाव होतं, आणि ते तिला पक्कं ठाऊक होतं.

तर अलीकडे शिंपी भलत्याच वेळी खोकू लागला. ठसका यायचा तिसऱ्या घरातून, विधवा नुआनच्या. ठसका आला की प्रयून आपल्या पाळलेल्या कोंबड्याला पाय मोकळे करायला नेतो म्हणायचा. परत यायचा तेव्हा दाताला हिरवं पान चिकटलेलं असायचं, आणि लमाईने वाढलेला भात ताटात निम्मा उरायचा.

"भूक मेली का?"

"ऊन फार आहे गं."

लमाईच्या अंगाचा तिळपापड झाला. ज्याच्या जिवासाठी आपण जीभ बांधून घेतली, तो दुसरीच्या कढईभोवती घोटाळतो! नुआनचे केस अजून काळे होते, याचाही तिला राग होताच. रात्री तो घोरायचा आणि ही छताकडे बघत तिच्या कढईत काय असेल याचा विचार करायची.

एके दुपारी ठसका आला, कोंबडा निघाला, आणि मागोमाग लमाई निघाली. नुआनच्या मागच्या दारातून तिने पाहिलं. नुआन चमच्यावर फुंकर घालून तो प्रयूनच्या तोंडाशी धरत होती.

"बघा दादा, खारट झालंय का?"

प्रयूनने डोळे मिटले. पंचायतीचा निकाल द्यावा तसा थांबून म्हणाला, "चिमूटभर साखर."

"का गं," लमाई दारातूनच कडाडली, "तुझ्या तोंडाला काय कुलूप लागलंय?"

नुआन दचकली, पण चमचा सांडू दिला नाही. "लागलंय ना, ताई. पोरगा तापाने फणफणला होता, तेव्हा मीही देवीपुढे बीफ सोडलं. आता त्यालाच गिरणीवर रोज हाच डबा लागतो. चव कोण बघणार? तुम्ही कुणाला देता चाखायला?"

नवऱ्याला पुढे घालून लमाई घरी आली.

"माझ्या हातचं बिघडतं होय?"

प्रयून कोंबड्याचे पंख चाचपत राहिला. "खारट होतं. बऱ्याचदा."

"आणि इतकी वर्षं गिळलंत?"

"माझ्यासाठी तू सोडलंस. तुला कुठल्या तोंडाने सांगू, मीठ जास्त पडलंय म्हणून? तू विचारलंही नाहीस कधी. ती विचारते."

लमाई स्वयंपाकघरात गेली आणि बराच वेळ नुसतीच कढई घासत बसली. तिला स्वतःचीच लाज वाटली, पण नुआनचा राग काही गेला नाही.

दुसऱ्या दिवशी शिंपी वेळेवर खोकला. पानं टाकून झाल्यावर लमाईने चमचा भरला, फुंकर घातली आणि नवऱ्यापुढे धरला.

"आ करा."

त्याने डोळे मिटून चाखलं. "आज पाणी थोडं कमीच पडलंय मासळीचं."

तिने निमूटपणे पाणी घातलं. तेवढ्यात शिंपी पुन्हा खोकला. तिसऱ्या घरची कढई तापली होती. प्रयून जागचा हलला नाही, पण त्याची मान तिकडे वळली.

"पोराचा डबा अळणी जाईल तिचा," तो हळूच म्हणाला.

लमाईने चमचा धुतला, पुसला आणि मुठीत घट्ट धरला.

"तिला म्हणावं, वाटीत घालून इकडे पाठव. तुम्हाला चमचा मीच भरवीन."